बर्फात तग धरताना : ‘द लाँग डार्क’च्या नवख्या खेळाडूंसाठी

जगबुडीनंतरचे जग दाखविणारे संगणक खेळ म्हटले की, डोळ्यांसमोर येतात त्या चालत्याफिरत्या मुडद्यांच्या झुंडी, गंजक्या बंदुका आणि धुराने काळवंडलेली शहरे. ‘द लाँग डार्क’ या खेळात यांपैकी जवळजवळ काहीच नाही. येथे आहे ते बर्फाने झाकलेले ओसाड अरण्य, बोचरा वारा आणि एकटा माणूस. शत्रू म्हणून कोणी असेलच, तर तो निसर्ग. या खेळात गोळ्या झाडण्यापेक्षा काडी पेटविण्याचा निर्णय अधिक विचार करून घ्यावा लागतो. म्हणूनच नेमबाजीच्या खेळांना सरावलेले तरबेज खेळाडूही पहिल्याच रात्री गारठून मरतात. हा मृत्यू टाळायचा कसा, याची ही तोंडओळख.

खेळाची पार्श्वभूमी

कॅनडातील व्हँकुव्हर बेटावरच्या हिंटरलँड स्टुडिओने हा खेळ तयार केला. रफाएल व्हॅन लिएरोप हे या संस्थेचे संस्थापक. 2013मध्ये किकस्टार्टरवरून लोकवर्गणी उभी राहिली, सप्टेंबर 2014मध्ये अपुऱ्या अवस्थेतील आवृत्ती खेळाडूंच्या हाती आली आणि 1 ऑगस्ट 2017 रोजी खेळ रीतसर प्रकाशित झाला. संगणकाखेरीज प्लेस्टेशन, एक्सबॉक्स आणि 2020पासून निन्टेंडो स्विच या यंत्रांवरही तो खेळता येतो.

कथेची कल्पना अशी : भूचुंबकीय उत्पातामुळे विजेवर चालणारी सारी साधने एकाएकी निकामी होतात. विमान कोसळते आणि माणूस कॅनडाच्या उत्तरेकडील ग्रेट बेअर या काल्पनिक बेटावर अडकून पडतो. ही कल्पना अगदीच हवेतली नाही. 13 मार्च 1989 रोजी झालेल्या भूचुंबकीय वादळाने कॅनडातील क्वेबेक प्रांताचे वीजजाळे अवघ्या दीड मिनिटात कोलमडले होते आणि सुमारे साठ लाख लोकांना नऊ तास अंधारात काढावे लागले होते. खेळाने त्या नऊ तासांना शेवटच ठेवलेला नाही, इतकाच फरक.

खेळाचे दोन भाग आहेत. ‘विंटरम्यूट’ हा कथाभाग विल मॅकेन्झी हा वैमानिक आणि अॅस्ट्रिड ग्रीनवूड ही डॉक्टर यांच्याभोवती फिरतो. दुसरा भाग म्हणजे निव्वळ तग धरण्याचा. त्याला कथा नाही, उद्दिष्ट नाही, अंतिम विजयही नाही. किती दिवस जगलात, एवढाच हिशेब. माणूस मेला की त्याची साठवलेली नोंदही पुसली जाते. मागच्या टप्प्यावर परतण्याची मुभा नसल्याने प्रत्येक निर्णयाला वजन येते. पुढील सूचना प्रामुख्याने या दुसऱ्या भागासाठी आहेत.

काठिण्याची निवड

सुरुवातीलाच काठिण्यपातळी निवडावी लागते. ‘पिल्ग्रिम’मध्ये लांडगे स्वतःहून अंगावर येत नाहीत आणि सामानसुमान मुबलक मिळते. ‘व्हॉयेजर’ मध्यम, तर ‘स्टॉकर’मध्ये हिंस्र जनावरांचा सुळसुळाट असतो. ‘इंटरलोपर’मध्ये बंदूक नाहीच, चाकू-कुऱ्हाडदेखील भट्टीवर स्वतः घडवावी लागते. 2023मध्ये त्याहूनही खडतर अशी ‘मिझरी’ पातळी दाखल झाली.

नवख्याने आठवडाभर पिल्ग्रिम खेळून प्रदेशाची ओळख करून घ्यावी आणि मग व्हॉयेजरकडे वळावे. प्रारंभासाठी ‘मिस्टरी लेक’ हा प्रदेश उत्तम. गोठलेल्या तळ्याकाठी कॅम्प ऑफिसची इमारत आहे, तळ्यावर मासेमारीच्या खोपटी आहेत, थोड्या अंतरावर जंगलात सापळे लावणाऱ्याची जुनी झोपडी आहे आणि एका टोकाला कार्टर धरण. निवारा, लाकूड, ससे आणि हरणे सारे जवळपास सापडते. येथे दोन आठवडे काढता आले, तर बाकीचे बेट पाहण्याची तयारी झाली असे समजावे.

चार गरजा, पण क्रम महत्त्वाचा

पडद्यावर चार गरजांची चिन्हे दिसतात : ऊब, थकवा, तहान आणि भूक. यांपैकी एखादी पूर्ण रिकामी झाली की ‘प्रकृती’ घसरू लागते आणि ती शून्यावर आली की खेळ संपला. नवखा खेळाडू हमखास चूक करतो ती क्रमाची. त्याला अन्नाची चिंता सर्वांत आधी वाटते. डबाबंद खाद्याच्या शोधात तो घराघरांतून भटकतो, सायंकाळ होते, वारा सुटतो आणि पोट भरलेले असतानाच तो गोठून मरतो.

खेळाचे गणित नेमके उलटे आहे. थंडी काही तासांत जीव घेते, तहान दिवस-दोन दिवस देते, उपासमार त्याहून सावकाश मारते. म्हणून आधी निवारा व ऊब, मग पाणी, मग विश्रांती आणि शेवटी अन्न, हा क्रम सोडू नये. प्रत्यक्षातील गिर्यारोहण आणि बचावकार्याचे प्रशिक्षणही अतिशीत प्रदेशात उबेला असेच अग्रस्थान देते. मुंबई-पुण्याच्या वाचकाला थंडी म्हणजे स्वेटरचे निमित्त. येथे ती घड्याळाच्या काट्यासारखी सतत आयुष्य खात असते, हे मनावर ठसायला दोन-चार मृत्यू लागतात.

पहिला दिवस

खेळ सुरू होताच धावत सुटू नये. धावण्याने थकवा आणि भूक दोन्ही वाढतात. आधी वाऱ्याची दिशा पाहावी. तापमानातून वाऱ्याचा गारठा वेगळा वजा होतो. त्यामुळे मोठ्या खडकाच्या आडोशाला उभे राहिले तरी काही अंशांचा फरक पडतो. रस्त्याकडेची बंद मोटारही घटकाभर वाऱ्यापासून वाचवते.

वाटेत पडलेल्या काटक्या दिसतील तेवढ्या वेचाव्यात. त्यांना हत्यार लागत नाही, वेळही लागत नाही. घर सापडले की कपाटे, टेबलांचे खण, पलंगाखालची जागा असे सारे धुंडाळावे. पडदे फाडून कापड मिळते. त्याच्या मलमपट्ट्या होतात आणि कपड्यांना ठिगळेही लावता येतात. सापडतील ते उबदार कपडे एकावर एक चढवावेत. भिजलेले कपडे गोठतात आणि ऊब देईनासे होतात, म्हणून निवाऱ्यात येताच ते उतरवून शेकोटीजवळ वाळवावेत.

दुपारनंतर नव्या दिशेला निघू नये. या खेळातली रात्र खरोखरच काळोखी असते आणि चालत्या खुणेचा नकाशाही नाही. विझलेल्या शेकोटीतला कोळसा घेऊन आसपासचा नकाशा स्वतः रेखाटावा लागतो. तेव्हा रस्ता, रेल्वेरूळ, तळ्याचा काठ अशा ठळक खुणा धरूनच चालावे.

आगीची काटकसर

आग पेटवायला तीन गोष्टी लागतात : काडी, चटकन पेट घेणारे काहीतरी (जुने वर्तमानपत्र, झाडाची साल) आणि जळण. सुरुवातीला काडी वाया जाण्याची शक्यता असते. पेटविण्याचे कौशल्य सरावाने वाढते. काडेपेटीतल्या काड्या मोजक्याच असल्याने एका आगीत अनेक कामे उरकावीत. बर्फ वितळवावा, पाणी उकळावे, मांस भाजावे, कपडे वाळवावेत आणि निघताना एक जळता पलिता सोबत घ्यावा. त्याने पुढची आग पेटते आणि लांडगेही दबकतात.

भिंग सापडले तर ते जपावे. स्वच्छ उन्हात उघड्यावर आग पेटवायला ते कितीही वेळा उपयोगी पडते आणि एकही काडी खर्च होत नाही. फरचे लाकूड देवदारापेक्षा जास्त वेळ जळते. गुहांत आणि खाणींत मिळणारा दगडी कोळसा उष्णता भरपूर देतो. परंतु आग चांगली धगधगल्याशिवाय तो टाकता येत नाही. उघड्यावरील शेकोटी आडोसा पाहूनच करावी. वाऱ्याची दिशा फिरली तर ती डोळ्यांदेखत विझते आणि तिच्याबरोबर रात्रीची सारी योजनाही.

पाणी आणि अन्न

बर्फ अमाप आहे, म्हणजे पाण्याची ददात नाही, असे वाटते. पण बर्फ वितळवायला आग लागते आणि वितळलेले पाणी उकळल्याखेरीज प्यायले तर हगवण लागते. एका बैठकीत काही लिटर पाणी करून ठेवावे, मात्र सारे पाठीवर वाहू नये. साधारणपणे 30 किलोपर्यंतचे ओझे झेपते. त्यापलीकडे वेग मंदावतो आणि उतारावर पाय मुरगळण्याचा धोका वाढतो.

डबाबंद अन्न पहिल्या दिवसांपुरते. पुढे शिकार आलीच. ससा मिळवायला बंदूक लागत नाही. दगड नेमका लागला तर तो क्षणभर भोवंडतो आणि हाती येतो. आकाशात कावळे घिरट्या घालताना दिसले, तर खाली मेलेले जनावर किंवा माणूस आहे असे समजावे. मांस नाही तर सामान, काहीतरी मिळतेच. तळ्याकाठी उगवणाऱ्या पाणकणसाचे देठ खाता येतात, ते कधीच खराब होत नाहीत आणि त्याचा तुरा आग पेटवायला चालतो. प्रवासात हा शिधा सर्वांत सोयीचा.

लांडगा आणि अस्वल यांचे मांस भाजले तरी त्यातून पोटात जंत होण्याची भीती असते. स्वयंपाकाचे कौशल्य सर्वोच्च पातळीवर पोचेपर्यंत ते टाळलेले बरे. उरलेले मांस घरात न ठेवता दाराबाहेर बर्फात ठेवावे. ते अधिक दिवस टिकते. सलग तीन दिवस उपाशी न राहणाऱ्या खेळाडूची प्रकृती थोडी सुधारते आणि ओझे वाहण्याची ताकद 5 किलोंनी वाढते, हेही ध्यानात ठेवावे.

लांडगा दिसला तर

पळू नये. पळणाऱ्याला लांडगा हमखास गाठतो. जळता पलिता किंवा फ्लेअर हाती धरून, त्याच्याकडे तोंड ठेवून, पावलापावलाने मागे सरावे. जवळ मांस असेल तर त्याचा तुकडा टाकून निसटता येते. ताजे मांस आणि आतडी यांचा वास लांडग्यांना दुरून ओढतो; शिकार घेऊन घराकडे निघताना याचा विसर पडतो आणि दारापासून पन्नास पावलांवर घात होतो. उत्तररात्री आकाशात ध्रुवीय प्रकाश उमटला की दृश्य विलोभनीय असते, मेलेले दिवेही लुकलुकू लागतात. परंतु त्याच वेळी लांडगे अधिक आक्रमक होतात. अशा रात्री बाहेर न पडणेच शहाणपणाचे.

दुखणी आणि उपाय

चावा बसला तर आधी पट्टी बांधून रक्त थांबवावे, मग जखम निर्जंतुक करावी. औषध नसेल तर झाडांवर लोंबणारे ‘ओल्ड मॅन्स बिअर्ड’ कामी येते. आपल्या गोड्या मसाल्यातील दगडफुलाच्याच वर्गातले हे. त्याच्यापासून जखमेवरची पट्टी तयार होते. रानगुलाबाच्या फळांचा चहा वेदना शमवतो, रेशी अळंबीचा चहा प्रतिजैविकाचे काम करतो, तर भूर्जाच्या सालीचा चहा प्रकृती किंचित सावरतो. या वस्तू वाटेवरच मिळतात. गरज पडण्याआधी त्या गोळा करून ठेवाव्यात.

हिमदंश मात्र कायमचा. उघड्या राहिलेल्या भागाला तो एकदा झाला की प्रकृतीची कमाल मर्यादाच घटते. याउलट, भीतीने घरातच बसून राहिले तर ‘केबिन फीव्हर’ जडतो आणि छपराखाली झोपता येईनासे होते. खेळ अतिधाडसाला शिक्षा करतो, तशीच अतिसावधगिरीलाही.

खरा धोका कोणता?

थोडे दिवस खेळल्यावर एक गोष्ट लक्षात येते. शेवटचा घाव लांडग्याचा किंवा हिमवादळाचा असला, तरी मरण त्याच्या किती तरी आधी ठरलेले असते. सकाळी उशिरा निघणे, ‘अजून एक घर पाहू’ असा मोह, ओझे कमी करण्याचा आळस, तळ्याच्या कडेचा पातळ बर्फ कडकडत असताना जवळची वाट धरणे, अशा तीन-चार किरकोळ निर्णयांची साखळी जुळते आणि मग सुटकेची वाट उरत नाही. म्हणून मृत्यूनंतर लगेच नवा डाव मांडण्याआधी मिनिटभर थांबून मागचा दिवस आठवावा. चूक कोठे झाली ते सापडले, तर तो डाव वाया गेला नाही.

थोडक्यात, हे विसरू नका

* परतायला लागणारा वेळ मोजूनच पुढे जा. दुपार उलटली की माघारी फिरा.
* किमान एका शेकोटीचे साहित्य नेहमी जवळ ठेवा.
* उकळल्याखेरीज पाणी पिऊ नका.
* झोपण्यापूर्वी तापमान पाहा. गारठ्यात लागलेली झोप अखेरची ठरू शकते.
* दिवसा उगाच झोपू नका. थकवा नसेल तर रात्री झोप येत नाही.
* एकाच घरात सारा साठा करू नका. वाटेवर दोन-तीन ठिकाणी काटक्या, पाणी, अन्न ठेवा.
* कच्चे मांस घेऊन लांबचा प्रवास टाळा.

हा खेळ आहे आणि त्याचे नियम खेळापुरते आहेत. प्रत्यक्षात निरोगी लांडगा माणसावर क्वचितच हल्ला करतो आणि रानातील अळंबी ओळखीशिवाय तोंडात घालणे प्राणघातक ठरू शकते. खेळातली वनौषधी आणि शिकारीच्या युक्त्या डोंगरात आजमावू नयेत. मात्र निघण्यापूर्वी आभाळ पाहणे, परतीची वेळ ठरवणे आणि पाठीवर पेलेल तेवढेच घेणे, या तीन सवयी संगणक बंद केल्यावरही कामी येतील.