झांशीच्या गल्ल्यांतील लढाई आणि मुंबई फौजेचा शिपाई

आपल्या ज्ञातीतील पूर्वजांच्या पराक्रमाचे वर्णन अशा स्मरणिकांतून वर्षानुवर्षे होत आले आहे आणि ते योग्यही आहे. ज्या समाजाला आपल्या पूर्वजांचे स्मरण नाही, त्याला पुढची वाट दिसणे कठीण. परंतु स्मरण म्हणजे केवळ स्तुतिस्तोत्र असे मानले, तर पूर्वजांच्या वाट्यास आलेले कठीण प्रसंग आपल्याला कधीच समजावयाचे नाहीत. प्रस्तुत लेखात अशाच एका कठीण प्रसंगाचा विचार करण्याचे आम्ही योजिले आहे.

आपल्यापैकी कित्येक घराण्यांतील पुरुष मुंबई इलाख्याच्या फौजेत चाकरीस होते. अशा काही घरांतून जुन्या कागदपत्रांच्या पेटीत रुप्याचा एक बिल्ला जपून ठेवलेला आढळतो. त्याच्या एका अंगास व्हिक्टोरिया राणीचे मुख असून, दुसऱ्या अंगास सिंहासमवेत उभी असलेली ब्रिटानिया व तिच्याखाली १८५७-१८५८ हे सन कोरलेले असतात. पांढऱ्या फितीवर दोन तांबड्या रेघा असतात. एखाद्या बिल्ल्यावर ‘सेंट्रल इंडिया’ अशा इंग्रजी अक्षरांची आडवी पट्टीही असते. घरातील मंडळी तो बिल्ला अभिमानाने दाखवितात. ती पट्टी कोणत्या लढायांबद्दल मिळाली असे विचारले, तर मात्र बहुधा उत्तर मिळत नाही. सर ह्यू रोज या सेनापतीच्या हाताखाली १८५८ साली मध्य हिंदुस्थानात जे लढले, त्यांना ती पट्टी मिळाली. आणि त्या मोहिमेतील सर्वांत भयंकर प्रसंग म्हणजे झांशी शहरातील लढाई.

झांशीचा किल्ला ओरछाच्या वीरसिंहदेव बुंदेल्याने १६१३ साली बांधला. पुढे पेशवाईच्या अमदानीत तेथे मराठ्यांचा अंमल बसला व नेवाळकर घराण्याकडे सुभा आला. हे घराणे मूळचे रत्नागिरी प्रांतातील. त्यांच्या आश्रयाने झांशीत दक्षिणी लोकांची चांगली वस्ती झाली होती. शहराला सुमारे साडेचार मैल घेराचा तट असून त्याची उंची कोठे अठरा तर कोठे तीस फूट होती. ओरछा, दतिया, खंडेराव, सागर, भांडेर, उन्नाव असे त्याचे दरवाजे. तटाच्या आत दाट वस्ती, अरुंद गल्ल्या, चौकांचे वाडे आणि या सर्वांवर नजर ठेवणारा खडकावरील किल्ला. अशा शहरात शिरणाऱ्या फौजेला तट जिंकला म्हणजे शहर जिंकले असे म्हणता येत नाही. खरी लढाई तटाच्या आतच सुरू होते.

आता शिरणारी फौज कोणती ते पाहू. रोजच्या सैन्यात ८६ वी आणि ३ री युरोपियन या गोऱ्या पलटणी होत्या, मद्रास व मुंबईचे सुरुंगवाले होते, हैदराबाद कंटिन्जंट होते, आणि मुंबईच्या २४ व्या व २५ व्या देशी पायदळ पलटणी होत्या. मुंबईच्या फौजेची एक विशेष रीत होती. बंगालच्या फौजेप्रमाणे तेथे उच्च वर्णाचे प्राबल्य नव्हते. कोकणातला मराठा, महार, बेने इस्राएल, मुसलमान आणि ‘परदेशी’ म्हणविणारा अयोध्येकडील पुरभय्या हे एकाच रांगेत उभे राहत. रत्नागिरी जिल्हा तर या फौजेची मोठीच खाण होता. शिपायाचा पगार महिना सात रुपये. म्हणजे रत्नागिरीकडून निघून पोटासाठी नर्मदेपलीकडे गेलेले लोक, रत्नागिरीकडून निघूनच पूर्वी तेथे राज्यपदास पोहोचलेल्या घराण्याच्या नगरावर चालून गेले होते. या योगायोगाकडे आमच्या इतिहासलेखकांचे जावे तितके लक्ष गेलेले नाही.

मार्च १८५८ च्या तिसऱ्या आठवड्याअखेर रोज झांशीपुढे येऊन ठेपला. राणी लक्ष्मीबाईंनी शहराभोवतालचा मुलूख आधीच उजाड करून ठेविला होता. शत्रूला ना चारा मिळावा, ना सावली. शिंदे सरकार आणि ओरछाचे संस्थान यांनी रसद पुरविली म्हणून इंग्रजी फौजेचा निभाव लागला. रोजच्या अंदाजाप्रमाणे आत सुमारे दहा हजार बुंदेले व विलायती लोक आणि पंधराशे बंडवाले शिपाई होते. तोफांचा भडिमार सुरू झाल्यावर तटाची पडझड रातोरात बुजविली जाई. या कामी व तोफांना दारूगोळा पोचविण्याच्या कामी झांशीच्या स्त्रिया राबत असलेल्या इंग्रजांनी दुर्बिणीतून पाहिल्या. एप्रिलच्या १ तारखेस तात्या टोपे सुमारे वीस हजार फौज घेऊन बेतवेवर आले. परंतु वेढा न उठविता रोजने थोडक्या फौजेनिशी त्यांचा पराभव केला. त्यानंतर झांशीला बाहेरून कुमक येण्याची आशा उरली नाही.

तारीख ३ एप्रिल रोजी पहाटे हल्ला झाला. पश्चिमेकडे लटकी चाल करून तिकडील तोफांचा आवाज हाच इशारा ठरविला होता. डाव्या बाजूस तटाला खिंडार पडले होते. तेथून ८६ वी पलटण आणि मुंबईची २५ वी पलटण आत घुसली. उजव्या बाजूस शिड्या लावून चढावयाचे होते. चांदणे स्वच्छ असल्याने शिड्या घेऊन धावणारे लोक तटावरून स्पष्ट दिसत होते. वरून गोळ्या, बाण, दगड, लाकडाचे ओंडके आणि दारू भरलेली मडकी यांचा वर्षाव झाला. काही शिड्या तोकड्या पडल्या, काही माणसांच्या भाराने मोडल्या. डिक आणि मिकलजॉन हे दोन तरुण इंजिनियर तटाच्या माथ्यावर पोहोचले आणि तेथेच मारले गेले. खिंडारातून शिरलेले लोक तटाच्या आतून वळसा घेऊन आले, तेव्हाच उजव्या टोळीला वर चढता आले.

येथपर्यंतचे वर्णन पुष्कळ पुस्तकांत सापडते. आम्हांस विचार करावयाचा आहे तो यापुढील काही तासांचा. कवायतीत वाढलेल्या शिपायाची सारी शक्ती रांगेत असते. डावीउजवीकडे सोबती, पुढे मोकळे मैदान, मागून नायकाचा हुकूम. गल्लीत शिरताच ही रांग मोडते. चार माणसे एका बोळात, सहा दुसऱ्यात. हुकूम ऐकू येत नाही. गोळी खिडकीतून येते की गच्चीवरून हे कळत नाही. बंदूक पुन्हा भरण्यास अवकाश नसतो, म्हणून संगीन आणि तलवार यांचेच राज्य सुरू होते. झांशीत वाड्याकडे जाणारा रस्ता किल्ल्याच्या माऱ्याखाली होता आणि दोन्ही बाजूंची घरे पेटलेली होती. वर चैत्राचे ऊन, बाजूला आग, घशाला कोरड, आणि प्रत्येक दाराआड मृत्यूची शंका. अशा स्थितीत माणूस माणसाला पाहत नाही, तो केवळ हालचाल पाहतो. शहरातील लढाया इतर लढायांहून निर्दय का होतात, याचे एक कारण येथे आहे.

राणींच्या वाड्यात खोली खोलीसाठी झुंज झाली. वाड्याच्या पागेत राणींचे चाळीसपन्नास स्वार अडकले होते. त्यांनी शरण येण्याचे नाकारिले. पागेला आग लागल्यावरही ते बाहेर पडले ते तलवारी उपसूनच, आणि एकूण एक कामास आले. त्यांच्या शौर्याची ग्वाही त्यांना मारणारांनीच आपल्या लेखांत दिली आहे. वाड्यात इंग्रजांस एक रेशमी ब्रिटिश निशाण सापडले. ते पूर्वी गव्हर्नर जनरल बेंटिंक याने झांशीच्या रामचंद्ररावांस मैत्रीची खूण म्हणून दिले होते. तेच निशाण आता वाड्यावर चढले. कंपनी सरकारच्या मैत्रीचा याहून स्पष्ट अर्थ कोणत्याही ग्रंथकाराला सांगता आला नसता.

शहराच्या आतील बाजूने ही लढाई ज्याने पाहिली व मराठीत लिहून ठेविली, तो गृहस्थ शिपाई नव्हता. पेणजवळील वरसई गावचे विष्णुभट गोडसे हे भिक्षुक दक्षिणेच्या आशेने उत्तरेत गेले होते व वेढ्याच्या दिवसांत झांशीत सापडले. त्यांचा ‘माझा प्रवास’ हा ग्रंथ चिंतामण विनायक वैद्य यांनी १९०७ साली प्रसिद्ध केला. त्यांत ते सांगतात की, गोरे शहरात शिरल्याचे पाहून राणी स्वतः विलायती लोकांसह किल्ल्याखाली उतरल्या. प्रथम समोरासमोर तलवार चालली. मग गोरे घरांच्या आडोशाने गोळ्या घालू लागले. तेव्हा पंचाहत्तर वर्षांच्या एका वृद्ध सरदाराने राणींना अडवून, अशा ठिकाणी गोळीने मरण्यात अर्थ नाही असे समजाविले आणि त्यांना किल्ल्यात परत नेले. त्या म्हाताऱ्याला गल्लीच्या लढाईचे मर्म कळले होते. तेथे शौर्याला वाव थोडा आणि आडोशाला किंमत फार. राणी ४ एप्रिलच्या रात्री किल्ल्यातून निघून काल्पीकडे गेल्या. त्यांचे वडील मोरोपंत तांबे मात्र पुढे पकडले जाऊन झांशीतच फासावर चढले.

त्यानंतर शहरात जे झाले ते लिहिताना लेखणी अडखळते. जून १८५७ मध्ये झांशीच्या जोखनबागेत बंडवाल्यांनी सुमारे साठ इंग्रज स्त्रिया, मुले व पुरुष यांची कत्तल केली होती. तिचा सूड हे गोऱ्या पलटणीचे ब्रीदच झाले होते. गोडसे भटजींनी पुरुषांची सरसकट कत्तल, पेटलेले मोहल्ले, जिवाच्या भीतीने विहिरीत उतरलेली माणसे, उद्ध्वस्त झालेला राजवाड्यातील ग्रंथसंग्रह आणि क्रमाक्रमाने झालेली लूट यांचे वर्णन केले आहे. आधी सोनेनाणे गेले, मग तांब्यापितळेची भांडी, मग कपडेलत्ते व धान्य. स्वतः भटजींची जमविलेली दक्षिणाही गेली. रोज आपल्या खलित्यात म्हणतो की, त्याच्या शिपायांनी उपाशी बायकामुलांना आपल्या शिध्यातून अन्न दिले. आम्हांस या दोन साक्षींत विरोध वाटत नाही. एका गल्लीत संगीन चालली असेल आणि दुसऱ्या गल्लीत भाकरी वाटली गेली असेल. मात्र झांशीच्या बाजूचे सुमारे पाच हजार लोक पडले, असा अंदाज इंग्रजांच्याच लेखांत आहे. इंग्रजी फौजेचे मृत व जखमी मिळून काही शेकडेच होते. या दोन आकड्यांमधील अंतर लढाईने भरून निघत नाही.

या सर्व हकिकतीत एक जागा रिकामी राहते. सेनापतीचे खलिते आहेत. फौजेबरोबरचे डॉक्टर लो आणि सिल्व्हेस्टर यांची १८६० साली निघालेली पुस्तके आहेत. आतील बाजूने भटजींची साक्ष आहे. परंतु खिंडारातून प्रथम शिरणारांत असलेल्या २५ व्या पलटणीच्या देशी शिपायाचे एक अक्षरही आमच्या पाहण्यात नाही. त्याला लिहिता येत नव्हते, आणि ज्यांना येत होते त्यांनी त्याला विचारले नाही. ८६ व्या पलटणीतील कॅप्टन जेरोम व शिपाई बर्न यांना झांशीतील कामगिरीबद्दल व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. देशी शिपायाला तो मिळण्याची सोयच १९११ पर्यंत नव्हती. दक्षिणी मोहल्ल्यातील एखाद्या दारात हा शिपाई पोचला असेल आणि आतून मराठीत दयेची याचना ऐकू आली असेल, तेव्हा त्याने काय केले? संगीन खाली घेतली, की ऐकूनही न ऐकल्यासारखे केले? तो घरी परतल्यावर याविषयी बोलला की नाही? बिल्ला या प्रश्नांची उत्तरे देत नाही.

आजचे काही तरुण अशा पूर्वजांस ‘फितूर’ म्हणून मोकळे होतात. काही वृद्ध मंडळी झांशीचे नाव न घेता केवळ बिल्ल्याची थोरवी गातात. आम्हांस दोन्ही मार्ग सोपे वाटतात. त्या काळी राष्ट्र या कल्पनेचा आजचा अर्थ गावच्या कुणब्यास किंवा महारास ठाऊक नव्हता. ठाऊक होते ते मीठ, पगार आणि पलटणीचे निशाण. त्याच मुंबई फौजेची २७ वी पलटण जुलै १८५७ च्या अखेरीस कोल्हापुरात उठली, हेही विसरता येत नाही. म्हणजे दुसरी वाट कोणाला दिसलीच नाही असे म्हणता येणार नाही; मात्र ती चालणाऱ्यांस तोफ व फाशी यांना सामोरे जावे लागले. एकाच प्रांतातील, कदाचित एकाच गावातील माणसे तटाच्या दोन्ही अंगांस उभी राहिली, हे सत्य आहे. आणि सत्य पचविण्याचे सामर्थ्य ज्या ज्ञातीत असते, तिचाच अभिमान खरा.

म्हणून आमची ज्ञातिबांधवांस व भगिनींस विनंती आहे. आपल्या घरी असा बिल्ला असेल, तर त्याच्या कडेवर बारीक अक्षरांत कोरलेले नाव व पलटण नीट वाचून टिपून ठेवा. आजीपणजींच्या तोंडून पलटणीसंबंधी काही ऐकिले असल्यास, मग ते गौरवाचे असो वा लाजेचे, जसेच्या तसे लिहून काढा. शोभेसाठी त्यांत काही घालू नका आणि लाजेपोटी काही गाळू नका. झांशीचा राणीमहाल आज वस्तुसंग्रहालय होऊन उभा आहे. उत्तरेच्या यात्रेस जाणारांनी तेथे अवश्य थांबावे. तेथे राणी लक्ष्मीबाईंना वंदन करावेच. आणि त्या चौकात पडलेल्या स्वारांचे, वाड्याबाहेरील विहिरींत बुडालेल्यांचे, तसेच सात रुपयांसाठी तेथवर गेलेल्या आपल्या शिपायाचेही क्षणभर स्मरण करावे. या सर्वांना एकाच वेळी मनात जागा देता आली, म्हणजे इतिहास वाचल्याचे सार्थक झाले असे आम्ही समजू.