मेघनाथाचा खांब

चिखलदऱ्याला जाणाऱ्या पाहुण्याला पहिली कथा ऐकायला मिळते ती कीचकवधाची. भीमाने कीचकाला मारून येथल्या दरीत लोटले, म्हणून हा कीचकदरा, आणि त्याचाच पुढे चिखलदरा झाला, असे सांगतात. भीमाने हात धुतले ते भीमकुंडही दाखवतात. या व्युत्पत्तीचा निकाल पंडितांनी लावावा. मला तिच्यातली मौज वेगळीच वाटते. गावाने नाव घेतले ते जिंकणाऱ्याचे नव्हे, तर हरलेल्याचे! आणि तेथून आत मेळघाटातल्या कोरकू वस्त्यांकडे वळले म्हणजे ही मौज विचार करायला लावते. कारण तेथे रामायणातला हरलेला वीर देव म्हणून पुजला जातो. त्याचे नाव मेघनाथ. आपण ज्याला मेघनाद किंवा इंद्रजित म्हणतो, तोच हा.

या वीराचे युद्ध आठवून पाहा. ते बहुतेक आकाशातलेच आहे. तो निकुंभिलेला होम करतो, अदृश्य होतो आणि आभाळातून बाण सोडतो. त्याने नागपाशात बांधलेल्या रामलक्ष्मणांना सोडवायला गरुड येतो, तेव्हा वाल्मीकी आधी प्रचंड वारा सोडतात, ढग आणि विजा आणतात, आणि मगच पक्षिराज दिसू लागतो. मेघनादाने जिंकले तेही इंद्राला, म्हणजे पर्जन्याच्या धन्याला. लक्ष्मणाने शेवटी त्याला मारले तेही ऐंद्र अस्त्रानेच. मेघ, वारा आणि वीज यांच्यावर सत्ता कोणाची, हा त्या साऱ्या झगड्याचा गाभा.

आता कोरकूंची उत्पत्तिकथा ऐका. रसेल आणि रायबहादूर हिरालाल यांनी 1916 साली प्रसिद्ध केलेल्या मध्यप्रांतातील जातिजमातींवरील ग्रंथात ती नोंदलेली आहे. विंध्य आणि सातपुडा ओसाड पाहून रावणाने महादेवाला विनवले, ‘येथे माणसे वसव.’ महादेवाच्या कावळ्याने तांबड्या मातीचे वारूळ शोधून काढले. त्या मातीच्या स्त्रीपुरुषांच्या मूर्ती महादेवाने घडवल्या. पण इंद्राने पाठवलेले दोन अग्निमय घोडे जमिनीतून उसळले आणि मूर्ती तुडवून गेले. दोन दिवस हेच चालले. शेवटी महादेवाने मातीचा कुत्रा केला आणि त्याच्यात प्राण फुंकला. कुत्र्याने घोडे अडवले. मग मुला आणि मुलाई हे कोरकूंचे आदिपुरुष आणि आदिमाता जिवंत झाले. एका बाजूला इंद्राची आग, दुसऱ्या बाजूला महादेवाचा श्वास. आणि जिंकला तो श्वास. कोरकू भाषेत ‘कोरो’ म्हणजे माणूस आणि ‘कू’ हा अनेकवचनाचा प्रत्यय. म्हणजे कोरकू या नावाचा अर्थ नुसता ‘माणसे’ एवढाच!

ज्यांच्या जन्माआड इंद्र आला, त्यांनी इंद्रजिताला हात जोडावेत यात नवल ते काय?

होळीनंतर फाल्गुनात मेघनाथाची जत्रा भरते. सातपुड्यात या देवाला देऊळ लागत नाही. उंच लाकडी खांब हाच देव. जुन्या रीतीत खांबाच्या टोकाला फिरते आडवे लाकूड बसवीत. नवस बोललेला माणूस वर चढून त्याच्या एका टोकाला बांधला जाई. दुसऱ्या टोकाचा दोर धरून खालचे लोक धावत, आणि तो माणूस वाऱ्यात गरगर फिरे. खाली भुमका पूजा करी, ढोल वाजत. जमिनीवर मागितलेले मागणे आभाळात जाऊन फेडायचे, असा हा व्यवहार.

एके काळी असे फिरताना पाठीत लोखंडी गळ टोचीत. ही रीत एकट्या सातपुड्याची नव्हती. बंगालच्या चरकपूजेतले गळ सरकारने 1865 साली बंद केले. आपल्या वाईजवळच्या बावधनला रंगपंचमीला बगाड निघते, तेथेही आता नवसकऱ्याला गळ न टोचता बांधून चढवतात. गळ गेला, नवस राहिला. रक्त हे या विधीचे मर्म नव्हतेच. जमीन सोडून वाऱ्याच्या स्वाधीन होण्याचे धैर्य, हेच त्याचे मर्म असावे असे मला वाटते.

आणि नवस कशासाठी? मूल व्हावे, झालेले जगावे, दुखणे टळावे. 1990 नंतर मेळघाटातल्या बालमृत्यूंनी महाराष्ट्र हादरला, प्रकरणे मुंबईच्या उच्च न्यायालयापर्यंत गेली. जेथे दवाखाना डोंगरापलीकडे आणि पावसाळ्यात नाले भरून वाहतात, तेथल्या आईबापांचे मागणे हसण्यावारी नेता येत नाही. खांबाने औषधाचे काम होत नाही, हे खरेच. परंतु औषध घेऊन जाणाऱ्याने त्या खांबाला ‘राक्षसपूजा’ म्हटले, तर त्याचे औषध कोण विश्वासाने घेणार?

अकोला जिल्ह्यात पातूरजवळ सांगोळा या गावी रावणाची दगडी मूर्ती आहे, आणि गावकरी तिची भक्तिभावाने पूजा करतात. म्हणजे डोंगरावर लेक आणि पायथ्याच्या मुलखात बाप! यामुळे रामकथेचे काही उणे होत नाही. जी कथा हरलेल्यालाही घर देते, ती मोठीच म्हणायची. या दिवाळीला पणती लावताना वाऱ्याने ज्योत हलली, तर हाताचा आडोसा आपण करूच. पण त्याच वाऱ्याला हात जोडणारी माणसेही आपलीच आहेत, एवढे ध्यानात असू द्यावे.