गाळणी, पंखा आणि वीज : घरगुती एअर प्युरिफायरचा पूर्वेतिहास

घरासाठी एअर प्युरिफायर निवडताना आज तीन प्रश्न विचारले जातात : यंत्र हवेतले किती कण अडवते, मिनिटाला किती हवा स्वच्छ करून देते आणि त्यासाठी किती वीज घेते. हे प्रश्न एका वेळी किंवा एका धंद्यात जन्मलेले नाहीत. पहिला युद्धखात्याने विचारला, दुसरा घरगुती उपकरणांच्या बाजारातील चढाओढीतून आला आणि तिसरा सर्वांत शेवटी, वीजबचतीच्या सरकारी धोरणातून पुढे आला. या क्रमाची खूण यंत्राच्या खोक्यावर अजून दिसते. पहिल्या प्रश्नाचे उत्तर तेथे ठळक अक्षरांत छापलेले असते आणि विजेचा आकडा, असलाच तर, तळाशी बारीक टायपात शोधावा लागतो.

घरातील हवा घरातच फिरवून गाळायची ही कल्पनाही जुनी नाही. महाराष्ट्रातील जुन्या घरबांधणीत धुराचा बंदोबस्त धुराडे, झरोका आणि कौलांमधल्या फटी यांच्यावर सोपवलेला असे, म्हणजे खराब हवेने बाहेर जावे आणि चांगली आत यावी एवढाच त्यामागचा विचार होता. वर्ध्याच्या मगनवाडीत ग्रामोद्योगाच्या चळवळीतून पुढे आलेली, धुराडे जोडलेली मगन चूल याच परंपरेतली होय. मुंबईच्या गिरण्यांच्या धुरासाठी १९१२ साली स्वतंत्र कायदा झाला, त्याआधी १९०५ मध्ये बंगालसाठी तसाच कायदा आला होता, आणि या दोन्ही कायद्यांचा रोख धूर जेथे निघतो तेथेच तो कमी करण्यावर होता. मात्र बाहेरची हवाच घरातल्या हवेहून वाईट झाली की झरोक्याचा उपयोग उलटा होऊ लागतो, आणि मग खिडक्या लावून घेऊन आतली हवा पुन्हा पुन्हा गाळण्यावाचून इलाज उरत नाही. त्या गाळणीची तयारी दुसऱ्याच कारणांसाठी, दुसऱ्याच ठिकाणी झालेली होती.

कवडशात तरंगणारे धूलिकण सर्वांनी पाहिलेले असतात, पण त्या कवडशाचे उपकरण केले ते जॉन टिंडल या भौतिकशास्त्रज्ञाने. १८७० च्या जानेवारीत लंडनच्या रॉयल इन्स्टिट्यूशनमध्ये धूळ आणि रोग या विषयावर व्याख्यान देताना त्याने प्रखर प्रकाशाच्या झोतात हवेतील कण दाखवले, झोताखाली ज्योत धरताच ते जळून तेथे काळी पोकळी दिसते हे दाखवले, आणि कापसाच्या बोळ्यातून श्वास घेतला की उच्छ्वासाच्या वाटेवरही झोत काळाच राहतो, म्हणजे कण कापसात अडकतात, हेही दाखवले. जॉन स्टेनहाउस या रसायनशास्त्रज्ञाने १८५४ च्या सुमारास लाकडी कोळसा भरलेला मुखवटा केला होता, कारण कोळशाच्या असंख्य सूक्ष्म छिद्रांच्या पृष्ठभागावर वायूंचे रेणू चिकटून राहतात. टिंडलने कापूस आणि कोळसा एकत्र करून आग विझवणाऱ्यांसाठी श्वसनयंत्र सुचवले. धुळीसाठी तंतू आणि वायूसाठी कोळसा ही तेव्हाची वाटणी आजच्या प्युरिफायरमध्ये जशीच्या तशी टिकून आहे. म्हणूनच ज्या यंत्रात कोळशाचा केवळ पातळ काळा पडदा असतो ते रंगाचा वास किंवा फोडणीचा खकाणा फार काळ शोषून घेईल अशी अपेक्षा धरण्यात अर्थ नसतो, कारण कोळशाचे काम त्याच्या वजनावर चालते.

तंतूंची गाळणी परिपूर्ण केली ती युद्धाने. दुसऱ्या महायुद्धात जर्मन सैन्याच्या विषारी वायूच्या मुखवट्यांतील गाळण कागद दोस्तांच्या हाती पडला, आणि त्यात ॲस्बेस्टॉसचे अतिसूक्ष्म तंतू मिसळलेले असल्याचे दिसून येताच अमेरिकी लष्कराने तसा कागद बनवून घेतला. अणुबाँबच्या प्रकल्पात किरणोत्सारी धूळ बाहेर सुटू नये यासाठी तो उपयोगी पडला; युद्धानंतर अमेरिकेच्या अणुऊर्जा आयोगाने तो उद्योगांकडे नेला, पुढे ॲस्बेस्टॉसची जागा काचतंतूंनी घेतली, आणि १९६१ च्या सुमारास त्याला ‘हेपा’ हे नाव पडले. हे नाव ‘हाय एफिशियन्सी पार्टिक्युलेट एअर’ या शब्दांच्या आद्याक्षरांवरून बनलेले आहे. ०.३ मायक्रॉन व्यासाच्या दहा हजार कणांपैकी तीनहून अधिक कण पलीकडे जाऊ नयेत, म्हणजे ९९.९७ टक्के अडावेत, ही त्याची कसोटी ठरली. मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग. माणसाचा केस साधारण सत्तर मायक्रॉन जाड असतो.

या ०.३ च्या आकड्याविषयी जाहिरातींनी मोठा गैरसमज पसरवला आहे. हेपाचा कागद म्हणजे पिठाची चाळण नव्हे, की तिच्या भोकांहून मोठे ते वर राहावे आणि बारीक ते खाली पडावे. त्याची जात वस्त्रगाळ चूर्णाच्या फडक्याशीही जुळत नाही, कारण तंतूंमधील मोकळ्या जागा बहुतेक कणांहून कितीतरी मोठ्या असतात. मोठे कण हवेबरोबर वळण घेऊ शकत नाहीत आणि जडत्वाने तंतूवर आदळतात. मध्यम कण तंतूला घासून जाताना चिकटतात. आणि अगदी सूक्ष्म कण हवेच्या रेणूंच्या धक्क्यांनी वेडेवाकडे भरकटत असल्याने कोठेतरी तंतूला लागतातच. या शेवटच्या प्रकाराला विसरण म्हणतात. अर्व्हिंग लँगम्यूर या नोबेल पारितोषिक विजेत्या रसायनशास्त्रज्ञाने युद्धकाळात मांडलेल्या गणितावरून असे दिसले की पहिल्या दोन कारणांसाठी फार लहान आणि तिसऱ्यासाठी फार मोठा असा एक मधला आकार असतो व तोच सर्वांत अधिक निसटतो, तो ०.३ मायक्रॉनच्या आसपासचा. तेव्हा हा आकडा गाळणीची मर्यादा सांगत नसून तिची सर्वांत अवघड परीक्षा सांगतो, आणि त्याहून बारीक कण तिला अधिक सोपे जातात.

कागद जितका दाट तितका तो हवेला विरोध करतो, आणि हा विरोध मोडून काढण्यासाठी पंख्याला वीज लागते. अणुभट्टीच्या आवारात त्या विजेचा हिशेब कोणी मागितला नव्हता. तरीही त्या काळच्या कारागिरांनी काढलेला उपाय आजही विजेच्या दृष्टीने सर्वांत मोलाचा आहे : कागदाला घड्या घालणे. प्युरिफायरची गाळणी हातात घेऊन घड्या बोटांनी विलग केल्या तर ताटाएवढ्या चौकटीत चटईएवढा कागद बसवलेला आढळतो. क्षेत्रफळ वाढल्यामुळे कागदाच्या प्रत्येक चौरस सेंटिमीटरमधून हवा सावकाश जाते, विरोध घटतो आणि भरकटणाऱ्या बारीक कणांना अडकायला वेळही अधिक मिळतो. दोन यंत्रांच्या गाळण्या शेजारी ठेवल्या असता जिच्या घड्या खोल आणि दाट आहेत ती सहसा कमी विजेत काम भागवते. दुकानात उभ्याउभ्या, कोणत्याही मापकाशिवाय करता येण्याजोगी ही एक चांगली पारख होय.

तंतूंना टाळून विजेनेच कण ओढून घेण्याचा दुसरा मार्ग कारखान्यांतून आला. फ्रेडरिक कॉट्रेल या कॅलिफोर्नियातील प्राध्यापकाने १९०७ मध्ये गंधकाम्लाचे धुके पकडण्यासाठी उच्च दाबाच्या विजेचा प्रयोग केला. कणांना विद्युतभार द्यायचा आणि विरुद्ध भाराच्या पट्ट्यांवर ते जमू द्यायचे, असे त्याचे तत्त्व होते. औष्णिक वीजकेंद्रांच्या धुराड्यांत कोळशाची राख अडवणारी यंत्रणा, जिला तेथील कामगार ‘ईएसपी’ म्हणतात, ती कॉट्रेलच्याच यंत्राची वंशज. (कोळशाच्या विजेवर प्युरिफायर चालवणाऱ्या घराची हवा अशा रीतीने दोन ठिकाणी गाळली जाते, आणि वीजकेंद्राच्या पट्ट्यांतून जे निसटते ते दुसऱ्याच कोणाच्या तरी खिडकीत जाते.) १९३० च्या दशकात अमेरिकेत या यंत्राची इमारतींसाठी सौम्य आवृत्ती निघाली. तिच्यात विरोध जवळजवळ नव्हता, पट्ट्या धुता येत, गाळणी फेकावी लागत नसे; वीज आणि कचरा या दोन्ही बाजूंनी ती हेपाहून सरस दिसे.

तिचा दोष निराळा होता. हवेत उच्च दाबाची वीज खेळवली की ऑक्सिजनपासून ओझोन तयार होतो, आणि हा वायू श्वसनमार्गाला जाळतो. त्याची गंमत अशी की शतकापूर्वी तोच शुद्धतेची खूण समजला जात असे. १९११ साली लंडनच्या भुयारी रेल्वेच्या एका मार्गावर ओझोन मिसळलेली हवा सोडण्यात येऊ लागली, अमेरिकेत शाळांच्या वर्गांतही तसे प्रयोग झाले, आणि १९१३ मध्ये अमेरिकी वैद्यक संघाच्या नियतकालिकात प्रसिद्ध झालेल्या संशोधनाने दाखवून दिले की माणसाला सोसवेल एवढा ओझोन जंतू मारत नाही, तो दुर्गंध केवळ झाकतो आणि फुप्फुसांना इजा करतो. एवढे स्पष्ट उत्तर मिळूनही ओझोन सोडणारी यंत्रे नवनव्या नावांनी विकली जात राहिली. अखेर कॅलिफोर्नियाने २००६ मध्ये कायदा करून घरगुती यंत्रांतील ओझोनवर दशलक्ष भागांत ०.०५ भाग अशी मर्यादा घातली व ती २०१० पासून लागू झाली. आवाज न करणारे, गाळणी नसलेले आणि पावसानंतरच्या हवेसारखा वास देणारे यंत्र कितीही पर्यावरणस्नेही म्हणून विकले गेले, तरी हा इतिहास ठाऊक असणाऱ्याने त्यापासून दूर राहावे हे बरे.

कुंड्यांची कथा थोडक्यात आटोपण्यासारखी आहे. नासाच्या १९८९ च्या अहवालात लहान बंद पेटीत ठेवलेल्या झाडांनी काही वायू शोषल्याचे दिसले, आणि त्यावरून रोपवाटिकांचा मोठा धंदा झाला. २०१९ मध्ये अशा प्रयोगांचा एकत्रित आढावा घेणाऱ्या संशोधकांनी हिशेब मांडला की नेहमीच्या हवेच्या येण्याजाण्याइतका परिणाम साधायला दर चौरस मीटरला दहा ते हजार रोपे लागतील. घरात तेवढी रोपे लावल्यावर माणसांना जागा उरणार नाही.

दुसरा प्रश्न, म्हणजे मिनिटाला किती हवा, हा १९८० च्या दशकात अमेरिकी उपकरण उत्पादकांच्या संघटनेने मापाच्या रूपात आणला. १,००८ घनफुटांच्या बंद खोलीत सिगारेटचा धूर, धूळ किंवा परागकण सोडायचे, ते आपोआप किती वेगाने खाली बसतात हे मोजायचे, मग यंत्र लावून तेच मोजायचे, आणि दोहोंतील फरकावरून स्वच्छ हवेचा पुरवठा घनफुटांत काढायचा, अशी ती रीत आहे. या मापाला ‘सीएडीआर’ म्हणतात. त्याने हेपाच्या टक्केवारीचा दिमाख बराच उतरवला. मिनिटाला ६० घनफूट हवा ओढून ९९.९७ टक्के गाळणाऱ्या यंत्रापेक्षा १२० घनफूट ओढून ९० टक्केच गाळणारे यंत्र खोली लवकर स्वच्छ करते, कारण पहिले जेमतेम ६० घनफूट स्वच्छ हवा देते आणि दुसरे १०८. संघटनेच्या ठोकताळ्यानुसार धुराचा सीएडीआर खोलीच्या चौरसफुटांच्या दोनतृतीयांश असावा. दहा बाय बाराच्या खोलीला सुमारे ८० पुरतो.

विजेचा प्रश्न उशिरा आला, पण आला तो याच मापाच्या खांद्यावर बसून. अमेरिकेच्या ‘एनर्जी स्टार’ योजनेत २००४ मध्ये प्युरिफायरचा समावेश झाला तेव्हा दर वॅटला किमान २ सीएडीआर ही अट होती. २०२० च्या सुधारणेत ती धुराच्या मापावर आणि यंत्राच्या आकारानुसार १.९ ते २.९ अशी केली गेली. सीएडीआरला वॅटने भागणे एवढेच हे गणित, आणि ग्राहकाला ते घरी कागदावरही करता येते. ५० वॅटचे यंत्र अहोरात्र चालले तर महिन्याला ३६ युनिट वीज घेते, आणि भारतात दर युनिटमागे साधारण ०.७ किलो कार्बन डायऑक्साइड हवेत जातो असे धरले तर महिन्याकाठी सुमारे २५ किलो होतो. येथे पंख्याचा एक जुना नियम उपयोगी पडतो : पंख्याचा वेग निम्मा केला की हवा निम्मी मिळते, पण वीज तात्त्विकदृष्ट्या आठव्या हिश्शावर येते. लहान यंत्र पूर्ण वेगाने चालवण्यापेक्षा मोठे यंत्र मंद गतीने चालवणे वीज आणि आवाज या दोन्हींत परवडते ते यामुळेच. छताच्या पंख्यांत अलीकडे रूढ झालेली बीएलडीसी मोटार, म्हणजे कार्बन ब्रशविना इलेक्ट्रॉनिक नियंत्रणाने फिरणारी मोटार, प्युरिफायरमध्ये असेल तर मंद गतीवरही तिची कार्यक्षमता टिकते.

कचऱ्याचा प्रश्न मात्र कोणत्याच मापात अजून नीट बसलेला नाही. आजच्या बहुतेक गाळण्या काचतंतूंच्या नसून पॉलिप्रॉपिलीन या प्लास्टिकच्या असतात; वितळलेले प्लास्टिक गरम हवेच्या झोताने उडवून अतिबारीक तंतू काढायची ही पद्धत १९५० च्या दशकात अमेरिकी नौदलाच्या प्रयोगशाळेत विकसित झाली. या तंतूंवर कायमचा विद्युतभार ठेवता येतो, त्यामुळे विरळ कागदही चांगले गाळतो आणि विजेची बचत होते. पण धुराच्या चिकट थराने हा भार निष्प्रभ होत जातो आणि पाण्याने धुतले तर गाळणी सुधारण्याऐवजी बिघडते. म्हणून बाहेरची जाळी आठवड्याला झटकून मुख्य गाळणीचे आयुष्य वाढवणे, आणि यंत्र घेण्यापूर्वी त्याची गाळणी सुटी मिळते काय व किती किमतीला, हे विचारणे अधिक शहाणपणाचे ठरते.

२०२० मध्ये अभियंता रिचर्ड कॉर्सी आणि गाळण्यांच्या कंपनीचा प्रमुख जिम रोझेन्थल या दोन अमेरिकनांच्या नावाने प्रसिद्ध झालेल्या खोक्यात हा सारा इतिहास उघडा पडतो. चार जाड घडीच्या गाळण्या चार बाजूंना उभ्या करायच्या, तळाला पुठ्ठा, वर चौकोनी पंखा, आणि सांधे चिकटपट्टीने बंद करायचे. गाळण्या हेपाच्या नसतात, एका फेरीत त्या बरेच काही सोडून देतात, पण चार बाजूंच्या विस्तारामुळे विरोध इतका कमी होतो की साधा पंखाही खोलीभर हवा तासात अनेकदा फिरवू शकतो. गाळण्या भरल्या, म्हणजे त्यांच्या घड्यांत राखाडी लव साचली, की चिकटपट्टी उसवून त्या तेवढ्या बदलायच्या आणि पंखा तोच पुन्हा वर बसवायचा.