चित्र जुळवणारा हात

गेल्या मे महिन्यात आम्ही मालवण तालुक्यातल्या एका गावी मुक्कामाला होतो. घरात भिंतीवर लावायचा नवा टीव्ही आला होता आणि बारा वर्षांचा भाचा त्यावर क्रिकेटचा खेळ खेळत होता. तो सारखा बाद होई. घरातले सगळे त्याला ‘मंद हाताचा’ म्हणून चिडवू लागले, तेव्हा तो रडकुंडीला येऊन म्हणाला, ‘‘मामानू, मी बटन दाबतंय तवसर चेंडू गेलेलो असता. माझो हात मंद नाय, टीव्ही मंद आसा!’’

सगळे हसले. पण मुलाचे निरीक्षण अचूक होते. ते का अचूक होते हे समजून घ्यायचे, तर टीव्हीचे चित्र आजवर कोणकोणत्या हातांनी जुळवले, हा इतिहास पाहावा लागेल.

छपरावरचा माणूस

आपल्या देशात दूरचित्रवाणीची प्रायोगिक सुरुवात दिल्लीला १५ सप्टेंबर १९५९ रोजी झाली. मुंबई केंद्र सुरू झाले २ ऑक्टोबर १९७२ रोजी. पुढे ३० ऑगस्ट १९८३ रोजी इन्सॅट-१बी उपग्रह अवकाशात गेला आणि त्याच्याकडून कार्यक्रम घेऊन आसपास पसरवणारे लहान प्रक्षेपक देशभर उभे राहू लागले. १९८४ साली तर काही महिने सरासरी रोज एक प्रक्षेपक सुरू होत होता. यांतल्या बहुतेकांची शक्ती अवघी १०० वॅट. काही किलोमीटरपलीकडे संदेश क्षीण होई. त्यात टीव्हीच्या लहरी साधारण सरळ रेषेत जातात आणि कोकणात तर दर वळणावर डोंगर आडवा.

म्हणून अँटेना उंच बांबूवर चढे. एक जण छपरावर, एक जण पडवीत, एक जण पडद्यासमोर. ‘‘आता दिसता?’’ ‘‘नाय, मुंग्यो इल्यो!’’ ‘‘जरा दर्याच्या बाजूक फिरव!’’ हा संवाद ज्या घरात झाला नाही, असे घर विरळाच. खाऱ्या वाऱ्याने अँटेनाचे सांधे गंजत, म्हणून दर पावसाळ्यानंतर तो पुन्हा होई.

छपरावरचे काम संपले की पुढची पाळी संचाच्या खुंट्यांची. आपल्याकडचे चित्र ६२५ आडव्या रेषांचे, सेकंदाला २५ पूर्ण चित्रे, आणि प्रत्येक चित्र एकाआड एक रेषांच्या दोन अर्ध्या भागांत, म्हणजे सेकंदाला ५० अर्धचित्रे. नळीतला इलेक्ट्रॉनांचा झोत या रेषा एकामागून एक काढत जाई. नवी रेषा आणि नवे चित्र केव्हा सुरू करायचे, याच्या खुणा प्रक्षेपणातूनच येत. संदेश क्षीण झाला की खुणा हुकत आणि चित्र वरवर सरकू लागे. ‘व्हर्टिकल होल्ड’ची खुंटी पिळून संचाचा ठेका पुन्हा प्रक्षेपणाशी जुळवावा लागे. ‘ब्राइटनेस’ने मुख्यतः काळा रंग किती काळा हे ठरे, तर ‘कॉन्ट्रास्ट’ने काळ्यापांढऱ्यातले अंतर. ही कामे वेगवेगळी आहेत, हे आजही पुष्कळांना ठाऊक नसते.

पडद्यावर एकाच माणसाच्या दोन आकृत्या दिसत, हाही त्या काळचा नेहमीचा अनुभव. डोंगरावर आपटून येणारी लहर सरळ येणाऱ्या लहरीपेक्षा उशिरा पोचे. ती दीड किलोमीटर जास्त फिरून आली, तर सेकंदाचा दोन लाखावा भाग, म्हणजे ५ मायक्रोसेकंद, उशीर होतो. पडद्यावर दिसणारी एक रेषा सुमारे ५२ मायक्रोसेकंदांत काढली जाई. म्हणजे दुसरी आकृती पडद्याच्या रुंदीच्या एक दशांश अंतरावर, सुमारे ४० सेंटिमीटर रुंदीच्या पडद्यावर ४ सेंटिमीटर बाजूला, उमटे. काळातला उशीर पट्टीने मोजता येत होता!

पण त्या संचाचा एक गुण आज ठळकपणे जाणवतो. त्यात चित्र साठवून ठेवायची सोयच नव्हती. संदेश आला की झोत हलला आणि ठिपका उजळला. चित्र वाकडे असे, पण शिळे नसे.

रंग आले, एक खुंटी टळली

१५ ऑगस्ट १९८२ रोजी लाल किल्ल्यावरचा सोहळा रंगीत दाखवला गेला आणि संचावर ‘कलर’ची खुंटी आली. अमेरिकी संचांवर मात्र आणखी एक खुंटी असे, ‘टिंट’ची. तिथल्या पद्धतीत रंगाची छटा एका तरंगाच्या कलेवरून, म्हणजे तरंग किती पुढे-मागे आहे यावरून, ठरे. वाटेत कला जराशी सरकली की माणसांचे चेहरे हिरवट नाहीतर जांभळट होत आणि प्रेक्षकाला खुंटी पिळावी लागे. जर्मनीतले अभियंता वाल्टर ब्रुख यांनी १९६० नंतरच्या दशकाच्या सुरुवातीला ‘पाल’ पद्धत विकसित केली. तिच्यात एकाआड एक रेषेत कला उलटवलेली असते. त्यामुळे शेजारच्या दोन रेषांतल्या चुका विरुद्ध दिशांच्या होतात आणि सरासरीत छटा योग्य राहून रंग फक्त किंचित फिका पडतो. भारताने हीच पद्धत घेतली, म्हणून आपल्या संचांवर छटेची खुंटी सहसा लागली नाही.

जुळवणीचे काम प्रेक्षकाच्या हातातून यंत्राच्या आत जाण्याचे हे एक ठळक पाऊल होते. पुढे तशी अनेक पडली.

पडदा खेळाचे मैदान होतो

१९५८ साली अमेरिकेतल्या ब्रुकहेवन प्रयोगशाळेत विल्यम हिगिनबॉथम यांनी पाहुण्यांच्या करमणुकीसाठी ऑसिलोस्कोपच्या पडद्यावर टेनिसचा खेळ मांडला. घरच्या टीव्हीला जोडायचा पहिला विक्रीयोग्य खेळ आला १९७२ साली, म्हणजे मुंबई केंद्र सुरू झाले त्याच वर्षी. राल्फ बेअर यांच्या कल्पनेतून घडलेल्या त्या ‘ओडिसी’ला पडद्यावर फक्त ठिपके आणि रेघ दाखवता येई. मैदान दिसावे म्हणून रंगीत पारदर्शक कागद पडद्यावर चिकटवायचा!

आपल्याकडे नव्वदीच्या दशकात ‘टीव्ही गेम’ घरोघर पोचला. १९८३ साली जपानमध्ये आलेल्या निन्टेंडोच्या यंत्राच्या या नकला असत. अँटेनाच्या जागी वायर खोचायची, चॅनल जुळवायचे आणि खेळायचे. सोबत बदके मारायची प्लास्टिकची बंदूकही मिळे. तिच्यातून काहीच सुटत नसे. उलट प्रकाश तिच्या नळीतून आत जाई. चाप ओढला की पडदा क्षणभर काळा होई आणि पुढच्याच क्षणी फक्त बदकाच्या जागी पांढरा चौकोन उमटे. आधी अंधार आणि लगेच उजेड दिसला, तर नेम बरोबर!

आमच्या मुक्कामात माळ्यावर अशी एक बंदूक सापडली. जुना खेळ चालू होता, चित्र दिसत होते, पण नव्या टीव्हीवर एकही बदक पडेना. बंदूक बिघडली नव्हती. तिचा शोधक नळीतल्या धावत्या ठिपक्याच्या प्रकाशासाठी बनवला होता आणि नव्या पडद्यावर असा ठिपका धावत नाही. शिवाय पांढरा चौकोन तिच्या अपेक्षेपेक्षा उशिरा येत होता. भाच्याच्या तक्रारीचा हा साक्षीदारच!

उशीर येतो कुठून?

नवा टीव्ही आलेले चित्र आधी स्मृतीत साठवतो. त्यातल्या मुंग्या पुसतो, कडा कोरतो, पडद्याच्या मापात बसवतो. हालचाल मुलायम दिसावी म्हणून दोन चित्रांच्या मध्ये स्वतः बनवलेले तिसरे चित्र घालतो. मधले चित्र काढायचे तर पुढचे हाती असायलाच हवे. म्हणजे थांबणे आलेच. या सगळ्यात सेकंदाचा दहावा भागही सहज जातो.

बातम्या पाहताना हे कळत नाही, कारण आवाजही तेवढाच मागे ठेवलेला असतो. फलंदाजाचे मात्र वेगळे. ताशी १४० किलोमीटर वेगाचा चेंडू ०.१ सेकंदात जवळजवळ ४ मीटर जातो. वीस मीटरच्या खेळपट्टीचा तो पाचवा हिस्सा! भाचा जो चेंडू पाहत होता, तो खेळाच्या हिशेबी केव्हाच पुढे गेलेला असे.

यावर तोडगा म्हणजे ‘गेम मोड’. त्यात टीव्ही काही नवे करत नाही, फक्त यातली बरीच कामे सोडून देतो. चित्र थोडे खरखरीत दिसते, पण ताजे येते. २०१७ सालच्या एचडीएमआय २.१ मानकात तर खेळाच्या यंत्राने टीव्हीला आपणहून ‘घाई कर’ असे सांगण्याची सोय झाली.

दशावताराचा रंग

रंगाची गोष्टही अशीच आहे. आपल्या दशावतारात गॅसबत्तीच्या उजेडात मागच्या माणसालाही राजा कोण आणि राक्षस कोण हे कळावे लागे. तोच रंगवलेला चेहरा सकाळी पाराजवळ पाहिला तर भडक वाटतो. टीव्हीतली ‘व्हिव्हिड’ जुळणीही अशीच, झगझगीत दुकानात शेजारच्या संचांपेक्षा उठून दिसण्यासाठी केलेली. घरात तीच ठेवली तर चेहरे निळसर-पांढरे आणि माडाची झावळ विषारी हिरवी दिसते. चित्रीकरणात पांढऱ्याचे मानक सुमारे ६५०० केल्व्हिनचे धरतात. टीव्हीतली ‘वॉर्म’ जुळणी बहुधा त्याच्या जवळ जाते. ती आधी पिवळट वाटते, दोन दिवसांत डोळा सरावतो.

सिनेमा सेकंदाला २४ चित्रांचा. त्यात टीव्हीने स्वतःची चित्रे भरली की तो मालिकेसारखा दिसू लागतो. डिसेंबर २०१८ मध्ये नट टॉम क्रूझ आणि दिग्दर्शक ख्रिस्तोफर मॅक्वॉरी यांनी प्रेक्षकांना ही सोय बंद करण्याची जाहीर विनंती केली. २०१९ साली ‘फिल्ममेकर मोड’ची घोषणा झाली. तोही गेम मोडसारखाच, यंत्राला ‘हात लावू नकोस’ असे सांगणारा. फरक इतकाच, की खेळाडूला वेळ वाचवायचा असतो आणि सिनेमावाल्याला चित्राचे मूळ रूप.

वर्गात करून पाहा

शाळेत टीव्ही असेल तर तो लॅपटॉपला वायरने जोडा आणि दोन्ही पडद्यांवर एकच चित्र दिसेल अशी जुळणी करा. शतांश सेकंद दाखवणारे घड्याळ चालू करून दोन्ही पडदे एकाच छायाचित्रात टिपा. दोन आकड्यांतला फरक म्हणजे लॅपटॉपच्या पडद्याच्या तुलनेत टीव्हीला झालेला उशीर. नेहमीच्या जुळणीत दहा आणि गेम मोडमध्ये दहा छायाचित्रे घेऊन सरासरी काढा. लॅपटॉपचा पडदाही थोडा उशीर करतो, हे विद्यार्थ्यांकडूनच काढून घ्या.

नंतर जास्वंदीचे फूल टीव्हीशेजारी धरा आणि त्याचाच फोटो वेगवेगळ्या जुळण्यांत दाखवा. लिटमसचा रंग किंवा पानावरचा रोग आपण पडद्यावर दाखवतो, तेव्हा मुलांना दिसते ते निसर्गाचे किती आणि कारखान्याचे किती, हा प्रश्न त्यांना पडू द्या.

आम्ही भाच्याच्या टीव्हीवर गेम मोड लावला. पहिल्याच षटकात त्याने चौकार मारला. दुसऱ्या षटकात तो बाद झाला, पण या वेळी चूक त्याची होती आणि त्याने ती हसत कबूल केली. संध्याकाळी मालिकेच्या वेळी आजी म्हणाली, ‘‘चित्र असा खरखरीत कित्याक दिसता?’’ भाच्याने उठून जुळणी बदलली. पूर्वी त्यासाठी छपरावर चढावे लागे, आता दोन बटने दाबली की झाले. पण कुणासाठी आणि कशासाठी जुळवायचे, हे अजूनही घरातल्या माणसालाच ठरवावे लागते.