शरणपूरचा आफ्रिकन आश्रम, नाशिक

गुलामगिरीतून सोडवलेल्या आफ्रिकन मुलामुलींसाठी चर्च मिशनरी सोसायटी या इंग्लंडमधील अँग्लिकन, म्हणजे प्रॉटेस्टंट, मिशनने नाशिक येथे चालवलेली निवासी संस्था. या मिशनने नाशिकमध्ये १८३२ मध्ये काम सुरू केले आणि रेव्हरंड विल्यम सॉल्टर प्राइस यांनी १८५४ मध्ये शरणपूर ही ख्रिस्ती वसाहत वसवली. आजच्या इंदिरानगरच्या उत्तरेला असलेल्या या भागाचे नाव शरणपूर रस्त्याने टिकवून धरले आहे.

ब्रिटिशांच्या कॅरिबियन वसाहतींत गुलामगिरी १८३४ मध्ये कायद्याने संपली, तरी पूर्व आफ्रिकेतून अरबस्तानाकडे माणसांची विक्री चालूच राहिली. ब्रिटिश आरमार गुलामवाहू गलबते पकडून त्यांतील मुलांना मुंबईत उतरवी आणि सरकार त्यांच्यापैकी अनेकांना शरणपूरला पाठवी. तेथे त्यांना लिहिण्यावाचण्याबरोबर सुतारकी, लोहारकी यांसारखे हुन्नर शिकवले जात. मात्र बाप्तिस्म्याबरोबर त्यांना युरोपीय नावे मिळत, त्यामुळे घर आणि आप्त यांच्यामागोमाग जन्मनावही सुटे.

डेव्हिड लिव्हिंग्स्टन या संशोधकाने १८६६ च्या आफ्रिका मोहिमेत येथील नऊ तरुण सोबत घेतले, आणि १८७२ मध्ये आणखी काही जण त्याच्याकडे गेले. त्यांत जेकब वेनराइट होता. १८७३ मध्ये लिव्हिंग्स्टन आजच्या झांबियात मरण पावला, तेव्हा त्याचे हृदय एका झाडाखाली पुरून वेनराइटने अंत्यविधीची प्रार्थना वाचली आणि त्याच झाडाच्या खोडावर मृत्यूची नोंद कोरली. सहकाऱ्यांनी उन्हात वाळवलेला देह शेकडो मैल वाहून किनाऱ्यावर आणला. १८७४ मध्ये वेस्टमिन्स्टर ॲबेतील दफनाच्या वेळी शवपेटीच्या मानकऱ्यांत वेनराइटही होता.

मुंबईचे माजी गव्हर्नर सर बार्टल फ्रिअर यांच्या सूचनेवरून १८७५ मध्ये मोंबासाजवळ फ्रिअर टाउन ही मुक्त गुलामांची वसाहत प्राइस यांनी उभारली आणि नाशिकचे अनेक आफ्रिकन तेथे स्थायिक झाले. विल्यम जोन्स व इश्माएल सेमलर हे १८६० च्या दशकातच मोंबासाजवळच्या रबाई येथे गेले होते. १८८५ मध्ये दोघांना धर्मोपदेशकाची दीक्षा मिळाली. लिव्हिंग्स्टनच्या चरित्रांत हे तरुण बहुधा स्वामिनिष्ठ नोकर म्हणून येतात. वस्तुतः पूर्व आफ्रिकेतील ख्रिस्ती समाज घडवणारे शिक्षक, कारागीर आणि उपदेशक म्हणून त्यांची नोंद व्हायला हवी, आणि नाशिकच्या इतिहासातही त्यांना हक्काचे स्थान मिळायला हवे.