गाणं वेळेत धरून ठेवायचं असतं

मी ढोकीहून बोलतेय, तुमच्या बचत गटांची समन्वयक. एरवी आपण हप्ते, व्याज, बँकेची फेरी याच गोष्टी बोलतो. आज जरा इतिहास सांगते.

स्मिता पाटीलचा ‘उंबरठा’ तुमच्यातल्या पुष्कळ जणींनी टीव्हीवर पाहिला असेल. घर सोडून महिलाश्रमात कामाला जाणाऱ्या बाईची ती गोष्ट. १९८२ चा हा सिनेमा डॉ. जब्बार पटेल यांचा. ते आपल्याच बाजूचे. जन्म १९४२ चा, पंढरपूरचा. शाळा सोलापुरात. पुढे पुण्यात डॉक्टरकी शिकले आणि दौंडला लहान मुलांचा दवाखाना चालवला. दवाखाना सांभाळून नाटकं केली, ‘सामना’, ‘जैत रे जैत’, ‘सिंहासन’ असे सिनेमे केले.

त्यांचं आणखी एक काम कमी जणींना ठाऊक असतं. त्यांनी मोठ्या कलावंतांवर माहितीपट केले. माहितीपट म्हणजे खऱ्या माणसाची खरी गोष्ट, नटनट्यांशिवाय. संतूरवादक पंडित शिवकुमार शर्मांवर ‘अंतर्ध्वनी’ आणि गायक कुमार गंधर्वांवर ‘हंस अकेला’. दोन्ही सरकारच्या फिल्म्स डिव्हिजनसाठी केलेले.

संतूर हे काश्मीरचं वाद्य. तिथल्या सूफी गाण्याला साथ करणारं. ते मोठ्या मैफलीत एकट्यानं वाजेल असं फार जणांना वाटत नव्हतं. शिवकुमारांनी १९५५ साली, सतराव्या वर्षी, मुंबईत ते वाजवून दाखवलं.

कुमारांची गोष्ट मात्र आपल्याला जास्त जवळची आहे. बेळगावजवळच्या सुळेभावीत १९२४ साली जन्मलेला हा मुलगा लहानपणीच मैफली गाजवू लागला. ऐन पंचविशीच्या आत क्षय झाला. हवापालट म्हणून मध्य प्रदेशात देवासला नेलं. डॉक्टर म्हणाले, गायचं नाही. काही वर्षं हा गवई अंथरुणाला खिळून होता. पत्नी भानुमतींनी शाळेत नोकरी धरली, घर चालवलं आणि आजारपणही काढलं. अशी बाई आपल्या प्रत्येक गटात एक तरी आहे.

पडल्या पडल्या कुमार काय ऐकत होते? माळव्यातल्या बायकांची गाणी, दारावरून जाणाऱ्या भजनकऱ्यांची गाणी. नवं औषध आलं, ते बरे झाले. एक फुप्फुस जवळजवळ निकामी झालं होतं, तरी १९५३ च्या सुमारास पुन्हा गायला बसले. ती लोकगीतं त्यांनी गोळा केली, अभ्यासली आणि त्यांच्या चालींतून नवे राग बांधले. ज्या बायकांची गाणी मोठ्या मैफलीपर्यंत पोचली, त्यांतल्या बहुतेकींची नावं मात्र कुठं लिहिलेली नाहीत.

कुमार १९९२ साली गेले. ‘हंस अकेला’ आला तो त्यानंतर बऱ्याच वर्षांनी, २००५ च्या सुमारास. म्हणजे ज्याच्यावर सिनेमा, तोच समोर नव्हता. तरी तो होऊ शकला, कारण त्यांचं गाणं ध्वनिमुद्रित होतं, फोटो होते, सांगणारी माणसं होती.

आता आपलं बघा. आमच्या एका गटातल्या ताईंच्या सासूबाईंना जात्यावरच्या ओव्या तोंडपाठ होत्या. पांडुरंगाच्या, तेरच्या गोरोबाकाकांच्या, माहेरच्या. सारखं ठरायचं, पुढच्या बैठकीला मोबाईलवर घेऊ. कधी हप्त्याचा हिशेब लांबला, कधी सोयाबीनची काढणी आली. मागच्या हिवाळ्यात आजी गेल्या. त्या ताई मला म्हणाल्या, “चाल आठवते गं, शब्द येत न्हाईत.” त्यात माझीही चूक आहे. बैठकीचा विषय मीच लिहिते ना!

हे काम होऊ शकतं. हेमा राईरकर आणि गी पॉइटवँ यांनी महाराष्ट्रातल्या गावोगावच्या बायकांकडून एक लाखाहून जास्त ओव्या जमवल्या, गाणारीच्या आणि गावाच्या नावानिशी.

म्हणून एवढंच करा. पुढच्या बैठकीत पहिली दहा मिनिटं गावातल्या थोरल्या बाईला द्या. आधी तिला विचारा, मग मोबाईल सुरू करा. वहीत तिचं नाव, माहेर आणि ती ओवी कुणाकडून शिकली ते लिहा. हप्ते त्यानंतर. ढोकीच्या आमच्या गटाच्या वहीत मी ते पान आखून ठेवलंय.