वर्ध्याच्या शिळावर्तुळांवर डॉक्युमेंट्री करायची तर काय दाखवाल?

वर्धा जिल्ह्यातल्या खैरवाडा परिसरात मोठ्या दगडांची गोल रचना असलेली शिळावर्तुळं आहेत. अशा जागांचे व्हिडिओ बऱ्याचदा 'आदिमानवाची वस्ती' या नावाने फिरतात. मग तिथे कॅमेरा लावून मानवाच्या उगमाची गोष्ट सांगता येईल का? नाही. पण या दगडांची स्वतःची गोष्टही मोठी आहे.

शिळावर्तुळ म्हणजे काय?
मृतांना पुरलेल्या जागेभोवती मोठे दगड गोलाकार रचायचे आणि आत माती-गोट्यांची भर घालायची, अशी ही पद्धत. विदर्भातली ही स्मारकं लोहयुगातली, म्हणजे साधारण ३,००० ते २,३०० वर्षांपूर्वीची. नागपूरजवळ जुनापाणीला अशी सुमारे ३०० वर्तुळं आहेत. तिथे एकोणिसाव्या शतकातच खोदकाम झालं होतं. माहुरझरीला घोड्यांचे अवशेष आणि त्यांचे तांब्याचे अलंकार मिळाले, तर नायकुंडला लोखंड गाळण्याची भट्टी. थोडक्यात, हे लोक 'आदिमानव' नव्हते. घोडे बाळगणारा, लोखंड बनवणारा हा समाज होता.

मग मानवाचा उगम?
आपल्या प्रजातीचे, म्हणजे होमो सेपियन्सचे, सर्वांत जुने ज्ञात अवशेष मोरोक्कोतल्या जेबेल इरहूदचे, सुमारे ३ लाख वर्षांपूर्वीचे. भारतात १९८२ मध्ये भूवैज्ञानिक अरुण सोनकिया यांना नर्मदेकाठी हथनोरा इथे प्राचीन मानवी कवटीचा भाग सापडला. ती नेमकी कोणत्या प्रजातीची, यावर अजून वाद आहे.

होमो सेपियन्सची ही ३ लाख वर्षं एका तासाच्या फिल्ममध्ये बसवली, तर विदर्भातली शिळावर्तुळं शेवटच्या ३६ सेकंदांत येतील!

कॅमेरा काय वाचवू शकतो?
नांगरताना दगड बांधावर गेला किंवा बांधकामासाठी उचलला, की वर्तुळ मोडतं. दगड परत आणता येतो, पण त्याची मूळ जागा आणि खालचे मातीचे थर परत मिळत नाहीत. म्हणून प्रत्येक वर्तुळाचा व्यास, दगडांची संख्या आणि जागा टिपून ठेवणारं चित्रीकरण उद्या पुरावा ठरू शकतं.

मात्र शेतमालकाला विचारल्याशिवाय शेतात शिरू नका. संरक्षित स्मारकात चित्रीकरणाआधी पुरातत्त्व विभागाची परवानगी घ्या. आणि शॉट चांगला यावा म्हणून एकही दगड हलवू नका.